भुतांचा सातबारा

कोकणपट्टीविषयीची मराठी पुस्तके तीन जातींची आहेत, आणि आपल्याकडच्या खऱ्या जातींप्रमाणेच त्यांच्यात रोटीबेटीव्यवहार नाही. पहिली जात कुलवृत्तांतांची आणि ग्रामेतिहासांची. मूळ पुरुष कोण, तो कोठून आला, कोणत्या राजाने त्याला वतन दिले, त्याच्या शाखा किती आणि त्यांतून वकील-डॉक्टर किती निपजले, हे सारे त्यांत साक्षेपाने नोंदलेले असते. दुसरी जात वारली, कातकरी, ठाकर, महादेव कोळी यांच्यावरील पुस्तकांची. त्यांत लग्नविधी, देवदेवता, तारप्याचा नाच आणि शेवटी दोन-चार पाने म्हणी व कोडी. तिसरी जात भुतांच्या गोष्टींची. ती सर्वांत जास्त वाचली जाते, आणि वाचनालयात तिचीच बांधणी सर्वांत आधी खिळखिळी होते.

गंमत अशी, की या तिन्ही पुस्तकांतले गाव पुष्कळदा एकच असते. तीच खाडी, तोच डोंगर, तोच शिवेवरचा वड. पण पहिल्या पुस्तकातला माणूस दुसऱ्यात पाऊल टाकीत नाही. दुसऱ्यातला पहिल्यात आलाच तर गडी म्हणून येतो. आणि तिसऱ्यातले भूत कोणाचे, हे तर कोणी विचारीतच नाही. माझे म्हणणे थोडक्यात असे: ही तीन पुस्तके नव्हेत, एकाच पुस्तकाचे फाडून केलेले तीन तुकडे आहेत. आणि ज्याने ते फाडले त्याला त्यात काहीच लाभ नव्हता, असे मानण्याइतका मी भाबडा नाही.

पहिल्या तुकड्यापासून सुरुवात करू. सह्याद्रिखंडातली कथा आपल्याला लहानपणापासून पाठ असते. परशुरामाने पृथ्वी जिंकून दान केली, स्वतःला राहायला जागा उरली नाही, तेव्हा बाण सोडून त्याने समुद्र मागे हटविला आणि कोकणची भूमी वर आली. जर्सन द कुन्हा यांनी हा ग्रंथ १८७७ साली मुंबईत छापून काढला, आणि तेव्हापासून तो कुलवृत्तांतांच्या पहिल्या प्रकरणात ठाण मांडून बसला आहे. कथा म्हणून ती भव्यच आहे. पण क्षणभर ती तलाठ्याच्या डोळ्यांनी वाचून पाहा. जी जमीन समुद्राच्या पोटातून बाहेर निघाली, तिच्यावर आधी कोणी राहत असण्याचा प्रश्नच उद्भवत नाही. मासळीखेरीज तिच्यावर कोणाचा हक्क सांगणार? नव्याने येऊन वसणाऱ्याला याहून निर्वेध मालकीहक्क देणारा दस्तऐवज जगातल्या कोणत्याही वकिलाला लिहिता आला नसता.

जगातल्या वकिलांनी प्रयत्न मात्र केला. ऑस्ट्रेलियात गोरे वसाहतवाले उतरले तेव्हा ती भूमी कोणाच्याच मालकीची नव्हती, असे त्यांच्या कायद्याने गृहीत धरले होते. डोळ्यांसमोर माणसे हिंडत असताना गृहीत धरले. ते गृहीत खोटे होते, हे तिथल्या सर्वोच्च न्यायपीठाने १९९२ साली माबो खटल्यात मान्य केले. आमच्या परशुरामाच्या बाणावर अपील अजून कोणी केलेले नाही.

तसे ते एकदा होता होता राहिले. इतिहासाचार्य राजवाड्यांनी १९२४ साली महिकावतीची बखर प्रसिद्ध केली. बिंब राजा उत्तर कोकणात उतरला तेव्हा त्याच्या मागोमाग ६६ कुळे आली, असे ती बखर सांगते. राजवाड्यांचा मोठेपणा असा, की बखरीला जोडलेल्या लांबलचक प्रस्तावनेत त्यांनी या कुळांच्या आधी इथे कोण होते, हेही विचारले. कातवडी, वारली, कोळी असे वसाहतीचे थर त्यांनी एकावर एक मांडून पाहिले. त्यांचे निष्कर्ष आज कोणी जसेच्या तसे स्वीकारणार नाही, आणि त्यांची भाषा आज आपल्या कानाला खुपेल. पण प्रश्न त्यांनी टाळला नाही. पुढे निरनिराळ्या ज्ञातींच्या ज्या स्मरणिका निघाल्या, त्यांतल्या माझ्या पाहण्यात आलेल्या बहुतेकींनी ती ६६ कुळे तेवढी उचलली आणि प्रस्तावना जिथल्या तिथे ठेवली.

यावर माझे कुलवृत्तांतवाले मित्र चिडतात. त्यांचे म्हणणे मी प्रामाणिकपणे मांडतो. ते म्हणतात, आमचे पूर्वज काही आयतोबा नव्हते. त्यांनी खाडीला बांध घातले, खाऱ्या चिखलाची खाजणे केली, नारळी-पोफळीच्या वाड्या लावल्या, पाट काढले. ज्या जमिनीत आज सोने पिकते तिच्यात पूर्वी गवत उगवत नव्हते. हे खरे आहे, आणि कष्टांचा अभिमान कोणी बाळगला तर त्याला मी नावे ठेवणार नाही. पण बांधावर माती टाकणारे हात सगळे मूळ पुरुषाच्याच खांद्यांना जोडलेले होते काय? आणि खाजण खाडीतून काढले हे मान्य केले, तरी डोंगरउताराची वरकस जमीन, माळ, कुरण, खैराचे रान हे कोणत्या समुद्रातून वर आले? कातकरी हे नावच मुळी कात काढण्याच्या धंद्यावरून पडले. खैर ज्याच्या नावात आहे, तो खैराच्या रानात चोर ठरला तो १८७८ च्या जंगलकायद्यानंतर. हे दोन वाक्यांत सांगता येते. ग्रामेतिहासाच्या तीनशे पानांत ही दोन वाक्ये मला क्वचितच भेटली आहेत.

आता दुसरा तुकडा. मी शाळेत व्याकरण शिकवतो, म्हणून माझे लक्ष आधी क्रियापदांकडे जाते. कुलवृत्तांत भूतकाळात लिहिलेला असतो: आले, वसले, मिळविले, बांधले. आदिवासींवरील पुस्तक मात्र रीतिवर्तमानात चालते. वारली भिंतींवर चित्रे काढतात, कातकरी उद्याची काळजी करीत नाहीत, ठाकर भित्रे असतात. यांना कधी काही झालेच नाही. ते नुसते असतात आणि करतात. यांना सवयी आहेत, सनावळी नाही. ब्रिटिश अमदानीत १८८२ साली ठाणे जिल्ह्याचे गॅझेटियर निघाले, त्यातही या लोकांना आद्य जमाती म्हणून एका वेगळ्या खणात घातले आहे. आद्य म्हणायचे, आणि इतिहासाच्या प्रकरणात मात्र बोलवायचे नाही. पंगतीत पाहुण्याला थोर म्हणून ओसरीवरच बसवून ठेवावे, त्यातला हा प्रकार.

आणि सनावळी नाही म्हणता? डहाणू-तलासरीच्या वारल्यांना लग्नासाठी कर्ज काढावे लागे, आणि त्या कर्जापायी नवराबायको दोघेही सावकाराच्या वाडीवर राबत. त्यांना लग्नगडी म्हणत. १९४५ साली झरीच्या परिषदेनंतर या माणसांनी वेठ करायचे नाकारले. त्याच वर्षीच्या ऑक्टोबरात तलवाड्याला गोळीबार झाला आणि त्यात पाच वारली मारले गेले. गोदावरी परुळेकरांनी हा सारा इतिहास ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या पुस्तकात १९७० साली लिहिला, आणि त्याला साहित्य अकादमीचे पारितोषिकही मिळाले. म्हणजे भूतकाळ लिहिता येत नाही असे नाही. पण पुढच्या लेखकांनी त्यातून काय उचलले? वारल्यांविषयी आज जी सचित्र पुस्तके निघतात ती चाळून पाहा. तारप्याभोवती फेर धरलेली त्रिकोणी माणसे पानोपानी आहेत. जिव्या सोमा मशे यांना २०११ साली पद्मश्री मिळाली याचा मला आनंदच आहे. पण त्यांची माणसे आपण साडीच्या पदरावर घेतली, लग्नपत्रिकेवर घेतली, दिवाळी अंकांच्या पानांच्या कडेला घेतली; पानाच्या मध्यभागी काही ती आली नाहीत.

मराठीत भूत या शब्दाचे दोन अर्थ आहेत. एक झालेला काळ, आणि दुसरा मेलेला माणूस, जो गेला असे सगळे म्हणतात पण जात नाही. ज्यांना आपण भूतकाळ नाकारला, त्यांच्या वाट्याला नुसते भूत आले. इथूनच तिसरा तुकडा सुरू होतो.

कोकणातील भुतांची पहिली मोठी शिरगणती साहेबाच्या कागदावर झाली, आणि ती करणारे माझेच व्यवसायबंधू होते. नाशिकचे कलेक्टर जॅक्सन यांनी लोकसमजुतींची माहिती गोळा करविली. २१ डिसेंबर १९०९ रोजी अनंत कान्हेऱ्यांनी त्यांना गोळी घातली, आणि मग ते कागद एन्थोव्हेन यांनी हाती घेऊन १९१५ साली कोकणचा खंड छापला. त्या खंडाच्या तळटिपा वाचण्यासारख्या आहेत. अमुक गावचे शाळामास्तर, तमुक गावचे शाळामास्तर. मास्तरांना प्रश्न आले, मास्तरांनी उत्तरे धाडली. मुंजा हा मुंज होऊन लग्नाआधी मेलेला ब्राह्मणाचा मुलगा, पिंपळावर राहतो. समंधाचा जीव घरादारात, धनात अडकलेला. देवचार हा शूद्राचे भूत. खवीस कोणी म्हणतो मुसलमानाचे, कोणी म्हणतो महार-मांगाचे. चेडा, झोटिंग, गिऱ्हा, हडळ, जखीण, अलवंतीण. मेल्यावरही जात सुटत नाही, हे त्या यादीने पक्के केले. नोंदी चोख आहेत, त्या मास्तरांना मी दोष देत नाही. त्यांना जे विचारले ते त्यांनी लिहिले. भूत कोणत्या जातीचे, हे विचारले होते. भूत कोणाच्या शेतात, हे विचारले नव्हते.

आणि नेमके तेच विचारायला हवे होते. कारण यादीतले भूत गावात जाऊन पाहिले की ते भूत राहतच नाही. देवचार घ्या. पुस्तकात तो शूद्राचा अतृप्त आत्मा. तळकोकणात आणि गोव्यात जा. तिथे तो गावचा राखणदार आहे. रात्री शिवेवरून काठी आपटीत फिरतो, चुकलेल्याला वाट दाखवतो, त्याला नारळ, विडी, कोठे दारूही ठेवतात. वेताळ पुस्तकात भुतांचा राजा. आरवलीला तो वेतोबा होऊन गावचा देव आहे, त्याला हातभर लांबीच्या चामड्याच्या वहाणा आणि केळ्यांचे घड वाहतात. चेडा पुस्तकात भूत. ठाणे-रायगडच्या शिवारात शेंदूर फासलेला चेडोबा. तळकोकणच्या गावऱ्हाटीत तर काही गावांत निर्वंशी म्हणून एक स्थान असते. ज्या घराण्याचा वंश बुडाला आणि ज्याची जमीन दुसऱ्याच्या ताब्यात गेली, त्याला वर्षातून एकदा त्याचा मान द्यायचा. ज्याने ही चाल घातली तो निरक्षर असेल, पण कुलवृत्तांतकारांपेक्षा तो चोख हिशेबी होता. आपण ज्याच्या जमिनीवर बसलो आहोत त्याचे काही देणे लागतो, एवढे त्याने मान्य केले होते.

दामोदर धर्मानंद कोसंबी हे गणिती. पुण्याच्या आसपासचा मुलूख त्यांनी पायी तुडवला, म्हसोबा-वेताळाचे तांदळे पाहिले, गावाबाहेरच्या मातृदेवता पाहिल्या, आणि त्याच वाटांवर त्यांना अश्मयुगातली बारीक दगडी पाती सापडली. १९६२ साली निघालेल्या त्यांच्या ‘मिथ अँड रिॲलिटी’ या पुस्तकात हे सारे आहे. गावाच्या वेशीबाहेर ओसाड जागी देव का बसतो? तर त्याला मानणारी माणसे गावाच्या आधीपासून तिथून जात-येत होती म्हणून. गाव नंतर आले. ही एवढी किल्ली हाती असताना आमचे भुतांचे संग्राहक अजून कुलूपच वाजवीत बसले आहेत.

हे सर्व मला पुस्तकांतूनच कळले असे नाही. माझी शाळा पालघर जिल्ह्यात आहे. एका वर्षी मी मुलांना ‘आमच्या गावातील भुताची जागा’ असा निबंध घातला. बाजारपेठेतल्या आणि बागाईतदारांच्या मुलांनी एका जुन्या विहिरीवर लिहिले: पांढरी साडी, मोकळे केस, अमावास्या, उलटी पावले. त्याच विहिरीवर एका वारली मुलीनेही लिहिले होते. तिच्या निबंधात साडी नव्हती, केस नव्हते. आजोबांच्या आत्याने तिथे जीव दिला, असे तिने लिहिले होते. आत्याचे नाव लिहिले होते. तिचा नवरा कोणाच्या वाडीवर लग्नगडी होता, किती रुपयांपायी होता, हे लिहिले होते. आमची माणसे तिथे दिवा ठेवतात, असे शेवटचे वाक्य होते. बाकीच्या मुलांनी भूत लिहिले होते. हिने इतिहास लिहिला होता, आणि तो तिला कोणी शिकवलेला नव्हता.

पुढे अशाच एका विहिरीवर मी कादंबरी लिहिली. एका प्रकाशनसंस्थेने हस्तलिखित वाचून कळविले की, मास्तर, भूत फार झकास उतरले आहे, ते ठेवा. कर्जाचे आणि कुळकायद्याचे भाग तेवढे काढा, वाचक कंटाळतो. मी हस्तलिखित परत मागवले. पण हा निरोप एकट्या माझ्या कादंबरीपुरता नाही. आमच्या सबंध भूतवाङ्मयाला कोणीतरी तोच निरोप धाडलेला दिसतो.

इथे दोन आक्षेप येतात. पहिला विवेकवादी मित्रांचा. ते म्हणतात, भुतांना पुस्तकात मान देऊ नका, त्याने अंधश्रद्धा वाढते. हा आक्षेप हलका नाही. भुताळी ठरवून बाईला ठार मारल्याच्या बातम्या आपण वाचतो. डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा २० ऑगस्ट २०१३ रोजी खून झाला आणि मगच जादूटोणाविरोधी कायदा झाला, हे आपल्या राज्याला विसरता येणार नाही. पण भूत आहे असे मी म्हणतच नाही. भुताची गोष्ट आहे असे म्हणतो, आणि ती कोणी, कोणाविषयी, कशासाठी सांगितली हे विचारा असे म्हणतो. जी बाई भुताळी ठरते ती पुष्कळदा एकटी असते, विधवा असते, आणि जमिनीचा एखादा तुकडा तिच्या हाती असतो. भूत नाही एवढेच सांगून थांबलात तर त्या तुकड्यापर्यंत तुम्ही पोचणारच नाही.

दुसरा आक्षेप कलावंतांचा. भुताला कारण दिले की त्यातले भय जाते, धुके विरते. मला तसा अनुभव नाही. उलट्या पावलांची बाई ही दहा वर्षांच्या मुलाला भिववते. पण ती बाई पन्नास रुपयांसाठी विहिरीत गेली आणि ते पन्नास रुपये ज्याने वहीत मांडले त्याच्या नातवाच्या घरी आपण चहा पितो, हे कळल्यावर चाळिशीतला माणूसही रात्री जागा राहतो.

कोणी म्हणेल, या साऱ्या वाङ्मयीन भांडणात कोणाचे काय अडले आहे? अडले आहे. आदिवासींच्या जमिनी परत करण्याचा कायदा महाराष्ट्राने १९७४ साली केला. तो १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळातल्या हस्तांतरांना लागतो. त्याच्या आधी अंगठे उमटवून जे गेले त्याचा कागद सावकाराच्या बाजूचा. दुसऱ्या बाजूची हकीकत फक्त तोंडी राहिली आणि तिलाच आपण भुताची गोष्ट म्हणतो. पुढे २००६ साली वनहक्क कायदा आला. २००८ च्या त्याच्या नियमांत पुरावा म्हणून काय काय चालते ते पाहा: जुन्या विहिरी, दफनाच्या जागा, पवित्र स्थाने, आणि वडीलधाऱ्या माणसांचे लिहून घेतलेले जबाब. वनजमिनीपुरतेच हे नियम आहेत, तरीही ते वाचून मी चकित झालो. विहीर, मसण, देवाचे झाड आणि म्हाताऱ्यांच्या आठवणी. हीच तर आमच्या भुतांच्या पुस्तकांची अनुक्रमणिका आहे! सरकारी नियमाला जे पुराव्याचे वाटते ते आम्ही करमणुकीच्या कपाटात ठेवले आहे, नावगाव पुसून, ‘फार वर्षांपूर्वी एका गावी’ अशी सुरुवात करून. उद्या त्या वस्तीचा दावा उभा राहील तेव्हा छापील पुस्तक काय सांगेल? की इथे वस्ती नव्हतीच, नुसते झपाटलेले रान होते.

म्हणून माझी मागणी साधी आहे. कुलवृत्तांत जरूर लिहा, पण ज्या पानावर मूळ पुरुष येतो त्याच्या आधीच्या पानावर, तो आला तेव्हा तिथे कोण होते, ते लिहा. आदिवासींवर लिहाल तेव्हा क्रियापद भूतकाळात चालवून पाहा, आणि शक्य असेल तिथे लेखणी त्यांच्याच हाती द्या. ती मुले आता लिहू लागली आहेत. आणि भुताची गोष्ट छापाल तेव्हा तिच्याखाली गाव लिहा, जागा लिहा, सांगणाऱ्याची जातजमात लिहा, आणि ती जमीन पूर्वी कोण कसत होता ते सांगणाऱ्याला विचारा. याला विद्यापीठाची पदवी लागत नाही. १९०९ च्या आधी खेड्यापाड्यांतल्या मास्तरांनी साहेबाच्या प्रश्नांची उत्तरे धाडली. आता प्रश्न आपणच काढायचे आहेत. दिवाळीची सुट्टी आहे, वही आणि पेन्सिल घरात आहे, आणि पाड्यावरची सत्तर-ऐंशी वर्षांची म्हातारी अजून बोलते आहे. तिचा जबाब पुराव्यात धरला जातो. पण तो तिच्या हयातीतच लिहून घ्यावा लागतो.